कोर्टाचा आदेश अधिकारी पाळत नसतील तर? अवमान याचिकेची माहिती

हातात हायकोर्टाचा स्थगिती आदेश आहे, तरीही बुलडोझर दारात येतो. किंवा कोर्टाने कामावर परत घ्या म्हणून सांगितले, पण फाइल टेबलावरून हलत नाही. अशा वेळी पुन्हा पहिल्यापासून खटला लढायची गरज नसते. त्यासाठी अवमान याचिका आहे.

कायदा काय म्हणतो?

न्यायालय अवमान अधिनियम, 1971 नुसार कोर्टाचा आदेश जाणूनबुजून न पाळणे किंवा कोर्टाला दिलेली हमी मुद्दाम मोडणे हा दिवाणी अवमान आहे. कलम 12 प्रमाणे सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, 2,000 रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकते. दंड किरकोळ वाटेल. पण ही शिक्षा खात्याला नाही, त्या खुर्चीवरच्या माणसाला होते.

कोणाकोणाला शिक्षा झाली?

- 1994: बाबरी मशिदीलगतच्या संपादित जागेवर बांधकाम होऊ न देण्याची हमी मोडली म्हणून उत्तर प्रदेशचे माजी मुख्यमंत्री कल्याण सिंह यांना एक दिवसाची कैद आणि 2,000 रुपये दंड झाला. मशीद पाडल्याबद्दलची अवमान याचिका मात्र रखडली आणि 2022 मध्ये बंद झाली.
- 2006: बंदी असताना आरा गिरण्यांना परवानगी दिल्याबद्दल महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव यांना एक महिन्याची कैद झाली.
- 2025: हायकोर्टाचा आदेश डावलून झोपड्या पाडणाऱ्या आंध्र प्रदेशातील अधिकाऱ्याला सुप्रीम कोर्टाने उपजिल्हाधिकारी पदावरून पुन्हा तहसीलदार केले आणि 1 लाख रुपये दंड लावला.

बुलडोझर कारवाई

13 नोव्हेंबर 2024 च्या निकालानुसार घर पाडण्याआधी 15 दिवसांची नोटीस बंधनकारक आहे. ती न दिल्यास अवमानाची कारवाई होऊ शकते आणि नुकसान अधिकाऱ्याच्या खिशातून वसूल होऊ शकते. रस्ता, फुटपाथ, रेल्वेमार्ग किंवा नदीलगतच्या अनधिकृत बांधकामांना मात्र हे संरक्षण नाही. 2025 मध्ये नागपूरच्या घरपाडीनंतर तिथल्या महापालिका आयुक्तांना हायकोर्टात माफी मागावी लागली. या निकालाची माहितीच नव्हती, असे त्यांचे म्हणणे होते.

आपण काय करायचे?

1. आदेशाची प्रमाणित प्रत काढा आणि अर्जासोबत संबंधित अधिकाऱ्याला द्या. आवक शिक्का मारलेली पोच जपून ठेवा. ‘आम्हाला आदेश मिळालाच नाही’ हा नेहमीचा बचाव इथेच बंद होतो.
2. मुदत टळली की वकिलामार्फत नोटीस पाठवा.
3. याचिकेत ‘शासन’ एवढेच लिहू नका. जबाबदार अधिकाऱ्याचे नाव आणि हुद्दा टाका.
4. अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत याचिका दाखल करा. नंतर कलम 20 आडवे येते.
5. दिवाणी अवमानासाठी महाधिवक्त्यांची परवानगी लागत नाही. ती अट फौजदारी अवमानाला आहे.
6. खालच्या कोर्टाचा मनाई हुकूम मोडला असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39, नियम 2-अ खाली त्याच कोर्टात अर्ज करता येतो.

एक गोष्ट लक्षात ठेवा

उशीर म्हणजे दरवेळी अवमान नव्हे. मुद्दाम टाळाटाळ झाली हे दाखवावे लागते, आणि आदेशाचे दोन अर्थ निघत असतील तर त्याचा फायदा अधिकाऱ्याला मिळतो. मनापासून मागितलेली माफी कोर्ट स्वीकारू शकते. म्हणून निकाल लागला की घरी बसू नका. पोच घ्या, तारीख लिहून ठेवा, पाठपुरावा करा. वर्ष बघता बघता निघून जाते.