सोळा हंगाम, एक झेल : मॅथ्यू स्लेटरची कारकीर्द

मॅथ्यू स्लेटर हा अमेरिकेच्या नॅशनल फुटबॉल लीगमध्ये २००८ ते २०२३ असे सोळा हंगाम खेळला आणि ते सारे त्याने न्यू इंग्लंड पेट्रियट्स या एकाच संघाकडून काढले. संघाच्या यादीत त्याच्या नावापुढे 'वाइड रिसीव्हर' अशी नोंद असे. वाइड रिसीव्हरचे काम लांबवर धावत जाऊन क्वार्टरबॅकने फेकलेला चेंडू झेलणे. नियमित हंगामांतील सामन्यांत स्लेटरने असा चेंडू सोळा वर्षांत नेमका एकदा झेलला. २०११ च्या पहिल्याच सामन्यात मायामीविरुद्ध टॉम ब्रेडीने टाकलेल्या त्या चेंडूवर ४६ यार्डांची मजल मिळाली. पुन्हा तो योग आला नाही.

तरीही 'प्रो बाउल' या लीगच्या तारांकित सामन्यासाठी त्याची दहा वेळा निवड झाली, संघाने त्याला वर्षानुवर्षे कर्णधारपद दिले आणि तीन सुपर बाउल विजेतेपदांत तो सहभागी होता. ही विसंगती समजून घ्यायची तर या खेळातील ज्या विभागाकडे प्रेक्षकांचे सर्वांत कमी लक्ष असते, त्याची ओळख करून घेणे आवश्यक ठरते.

तिसरे पथक

अमेरिकन फुटबॉल नावाने फुटबॉल असला, तरी तो पायापेक्षा हाताने अधिक खेळला जातो. चेंडू ज्यांच्याकडे आहे त्या संघाला चार प्रयत्नांत किमान दहा यार्ड पुढे सरकावे लागते. जमले, तर पुन्हा चार प्रयत्न मिळतात. आक्रमण करणारे अकरा खेळाडू वेगळे आणि बचाव करणारे अकरा वेगळे, अशी या खेळाची रचना आहे. ज्या ज्या वेळी चेंडूला लाथ मारली जाते, त्या त्या वेळी मैदानावर तिसरेच अकरा जण येतात. त्यांनाच 'स्पेशल टीम्स' म्हणजे विशेष पथके म्हणतात.

अशा वेळा प्रामुख्याने तीन. सामन्याच्या प्रारंभी आणि प्रत्येक गुणानंतर होणारा 'किकऑफ', तीन प्रयत्न वाया गेल्यावर चेंडू शक्य तितका दूर लाथाडून प्रतिस्पर्ध्याच्या हवाली करणारा 'पंट', आणि दोन खांबांमधून चेंडू पाठवून तीन गुण मिळवून देणारा 'फिल्ड गोल'. प्रत्येक वेळी लाथ मारणाऱ्यांचे एक व समोरच्यांचे एक अशी पथके उभी राहतात.

संघाच्या यादीत ५३ खेळाडू असतात आणि सामन्याच्या दिवशी त्यांतील जास्तीत जास्त ४८ जणांना गणवेश चढवता येतो. त्यामुळे विशेष पथकांसाठी संपूर्ण स्वतंत्र संघ बाळगणे कोणालाच परवडत नाही. राखीव फळीतील खेळाडू, नवोदित, दुसऱ्या-तिसऱ्या क्रमांकाचे बचावपटू यांच्याकडून हे काम करून घेतले जाते. बहुतेकांसाठी ते मुख्य फळीत जाण्याचे पायपुसणे असते. तेथेच ठाण मांडून बसणारा आणि त्यालाच आपला व्यवसाय मानणारा खेळाडू विरळा. स्लेटर हा त्या विरळ जमातीचा.

गनरचे साडेसहा सेकंद

पंटच्या वेळी रांगेच्या दोन टोकांना, इतरांपासून दूर, दोन खेळाडू उभे असतात. त्यांना 'गनर' म्हणतात. लीगच्या नियमानुसार चेंडूला लाथ बसण्यापूर्वी रेषा ओलांडून पुढे धावण्याची मुभा फक्त या टोकाच्या दोघांना आहे. चेंडू मागे पंटरच्या हाती जाणे, लाथ बसणे आणि चेंडू खाली येणे या साऱ्याला साधारण साडेसहा सेकंद लागतात. तेवढ्या वेळात गनरने चाळीस-पंचेचाळीस यार्ड धावून चेंडू झेलणाऱ्याच्या पुढ्यात पोहोचायचे. त्याला रोखण्यासाठी समोर एक आणि गनर नामांकित असेल तर दोन खेळाडू उभे केलेले असतात.

तो वेळेत पोहोचला, की झेलणारा बहुधा हात उंचावून 'फेअर कॅच'ची खूण करतो. म्हणजे त्याला कोणी पाडायचे नाही आणि त्यानेही पळायचे नाही. खेळ तेथेच थांबतो. गनरच्या नावावर मात्र काहीही जमा होत नाही. चेंडू कोणी झेललाच नाही आणि तो गोलरेषेच्या अलीकडे दोन-तीन यार्डांवर अडवता आला, तर प्रतिस्पर्ध्याला जवळजवळ संपूर्ण मैदान पार करावे लागते. तोच चेंडू रेषेपलीकडे घरंगळला, तर नियमाने त्यांना वीस यार्डांची भेट मिळते.

या कामातील यशाची गंमत अशी, की ते न घडलेल्या गोष्टींत मोजावे लागते. मिळू न दिलेले यार्ड, होऊ न दिलेली धाव, न झालेला टचडाऊन. क्रिकेटमध्ये उत्तम क्षेत्ररक्षकाने वाचवलेल्या धावा धावफलकावर दिसत नाहीत, तसाच हा प्रकार.

नामवंत पित्याचा पुत्र

मॅथ्यूचा जन्म ९ सप्टेंबर १९८५ चा, कॅलिफोर्नियातील. वडील जॅकी स्लेटर हे रॅम्स संघाच्या आक्रमण फळीतील मोठे नाव. १९७६ ते १९९५ असे वीस हंगाम ते त्याच एका संघाकडून खेळले आणि २००१ मध्ये प्रो फुटबॉल हॉल ऑफ फेममध्ये त्यांचा समावेश झाला. आक्रमण फळीतील खेळाडूच्या नावावर सहसा गुण किंवा यार्ड जमा होत नाहीत. आकड्यांशिवाय राबणे म्हणजे काय, हे मॅथ्यूला घरातच पाहायला मिळाले.

लॉस एंजलिसच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात तो वाइड रिसीव्हर म्हणून दाखल झाला. पण दुखापतींनी घेरले. झेल घेणारा म्हणून जम बसला नाही. किकऑफ परत आणणारा वेगवान धावपटू म्हणून मात्र त्याने नाव मिळवले. २००८ च्या निवडप्रक्रियेत पेट्रियट्सनी पाचव्या फेरीत, एकूण १५३ व्या क्रमांकावर त्याला घेतले. इतक्या मागच्या क्रमांकाच्या खेळाडूला एखाद-दोन हंगामांपलीकडे भविष्याची हमी नसते.

तेथे त्याला लाभलेले प्रशिक्षक होते बिल बेलिचिक. सत्तरच्या दशकात आपल्या कारकीर्दीच्या आरंभी बेलिचिक यांनी विशेष पथकांचेच काम पाहिले होते. यादीतील एक जागा केवळ या कामासाठी खर्च करण्याची त्यांची तयारी होती. गरज पडली तेव्हा स्लेटर बचावफळीतही उभा राहिला, परंतु त्याचे खरे ठिकाण ठरून गेले होते.

आधीची पायवाट

ही वाट स्लेटरच्या आधी एकाने पाडली होती. स्टीव्ह टास्कर हा कॅन्सासमधील, पाच फूट नऊ इंच उंचीचा, या खेळाच्या मानाने लहानखुरा गडी. १९८५ मध्ये ह्यूस्टन ऑयलर्सनी त्याला नवव्या फेरीत घेतले आणि पुढच्याच वर्षी सोडून दिले. नोव्हेंबर १९८६ मध्ये बफेलो बिल्सनी त्याला उचलले. त्याच महिन्यात बिल्सची सूत्रे मार्व्ह लेव्ही यांच्याकडे आली होती. लेव्ही हे लीगमध्ये केवळ विशेष पथकांसाठी नेमल्या गेलेल्या सुरुवातीच्या प्रशिक्षकांपैकी एक. दोघांची गाठ पडली नसती, तर टास्करचे नाव कदाचित कोणाला ठाऊकही झाले नसते.

प्रो बाउलसाठी टास्करची निवड सात वेळा झाली. जानेवारी १९९३ मधील सुपर बाउलमध्ये त्याने डॅलसचा पंट अडवला आणि त्यातून बिल्सना सामन्यातील पहिला टचडाऊन मिळाला. पुढे बिल्स ५२-१७ असे हरले, हा भाग वेगळा. आठवडाभराने होनोलुलूत झालेल्या प्रो बाउलमध्ये त्याने प्रतिस्पर्ध्यांना पाडले, चेंडू निसटायला भाग पाडले आणि एक फिल्ड गोलही अडवला. त्या सामन्याचा सर्वोत्तम खेळाडू म्हणून तारांकित क्वार्टरबॅकऐवजी त्याचे नाव पुकारले गेले.

१९९५ च्या अखेरीस, वयाच्या तेहेतिसाव्या वर्षी, बिल्सनी त्याला रिसीव्हर म्हणून उतरवले, तेव्हा मायामीविरुद्धच्या बाद फेरीच्या सामन्यात त्याने पाच झेलांत १०८ यार्ड मिळवले. त्याला झेलता येत नव्हते असे नाही. संघाला त्याची गरज अन्यत्र अधिक होती.

कर्णधार स्लेटर

स्लेटरच्या वाट्याला टास्करपेक्षा यशस्वी संघ आला. २०१५, २०१७ आणि २०१९ मध्ये झालेले सुपर बाउल पेट्रियट्सनी जिंकले. यातील २०१७ च्या सामन्यात अटलांटाविरुद्ध संघ २८-३ असा मागे होता. बरोबरी साधल्यावर सुपर बाउलच्या इतिहासात प्रथमच जादा वेळ खेळवण्यात आला. नाणेफेकीला कर्णधार म्हणून स्लेटर गेला. त्याने 'हेड्स' म्हटले, नाणे तसेच पडले. पेट्रियट्सनी चेंडू घेतला आणि प्रतिस्पर्ध्याला तो न मिळताच सामना ३४-२८ असा संपला. दोन वर्षांनी १३-३ असा जिंकलेला सामना हा सर्वांत कमी गुणांचा सुपर बाउल ठरला. त्या दिवशीचा प्रतिस्पर्धी होता रॅम्स, म्हणजे वडिलांचा संघ. त्या संघाकडून वीस वर्षे खेळूनही वडिलांना हे विजेतेपद मिळाले नव्हते.

स्वतःच्या नावावर पहिला टचडाऊन लागायला स्लेटरला बारावा हंगाम उजाडावा लागला. सप्टेंबर २०१९ मध्ये सहकाऱ्याने अडवलेला पंट उचलून तो अकरा यार्ड धावला आणि रेषा ओलांडली. संघ १६-१० असा जिंकला. योगायोग असा, की हे घडले बफेलोत, टास्करच्या शहरात. त्याच वर्षी नोव्हेंबरात पावसात झालेल्या सामन्यात त्याने स्वतः डॅलसचा पंट अडवला. लगोलग पेट्रियट्सनी त्या सामन्यातील आपला एकमेव टचडाऊन केला आणि १३-९ अशी बाजी मारली.

धोका आणि बदलते नियम

या कामाची दुसरी बाजू गंभीर आहे. किकऑफला दोन्ही बाजूंचे खेळाडू लांबून वेग घेऊन एकमेकांवर आदळत. स्लेटर लीगमध्ये येण्याच्या आदल्या वर्षी, ९ सप्टेंबर २००७ रोजी, बफेलोचा केव्हिन एव्हरेट हा किकऑफनंतर प्रतिस्पर्ध्याला पाडताना कोसळला. त्याच्या मानेच्या मणक्याला जबर इजा झाली. तो पुन्हा चालेल की नाही, याची डॉक्टरांना शंका होती. उपचारांनंतर तो चालू लागला. त्याची कारकीर्द मात्र तेथेच थांबली.

त्यानंतर नियम टप्प्याटप्प्याने बदलले. २००९ मध्ये तीन किंवा अधिक खेळाडूंनी खांद्याला खांदा लावून भिंत उभारण्यास बंदी आली. २०११ मध्ये किकऑफची जागा पाच यार्ड पुढे सरकली, त्यामुळे अधिक चेंडू थेट शेवटच्या पट्ट्यात जाऊन खेळ सुरू होण्यापूर्वीच थांबू लागला. २०१८ मध्ये लाथ मारणाऱ्या संघाला धावत सुरुवात करण्यास मनाई झाली. २०२३ मध्ये किकऑफवरील फेअर कॅचलाही २५ यार्डांची जागा मिळू लागली. विशेष पथकांच्या अनेक प्रशिक्षकांनी याला उघड विरोध केला, तर डोक्याच्या दुखापती कमी करणे भाग आहे, ही लीगची भूमिका राहिली. परिणाम असा झाला, की फेब्रुवारी २०२४ मधील सुपर बाउलमध्ये तेराच्या तेरा किकऑफवर एकही खेळाडू चेंडू घेऊन पळाला नाही. स्लेटरने निवृत्ती जाहीर केली, ती त्याच महिन्यात.

महिन्याभरातच संघमालकांनी किकऑफची नवी रचना मंजूर केली. आता लाथ मारणाऱ्याखेरीज त्याचे दहा सहकारी समोरच्या संघाच्या ४० यार्डांच्या रेषेवर उभे राहतात. प्रतिस्पर्धी त्यांच्यापासून अवघ्या पाच-दहा यार्डांवर असतात आणि चेंडू ठरावीक पट्ट्यात पडेपर्यंत किंवा झेलला जाईपर्यंत कोणी हलायचे नाही. दुरून धावत येऊन होणारी टक्कर त्यामुळे टळते. चेंडू परत आणण्याचे प्रमाण २०२३ मधील सुमारे २२ टक्क्यांवरून २०२४ मध्ये सुमारे ३३ टक्क्यांवर गेले आणि २०२५ मध्ये आणखी वाढले. किकऑफ वाचला, पण सुसाट धावत मैदान ओलांडणाऱ्या स्लेटर-टास्करच्या पद्धतीला त्यात जागा उरलेली नाही. पंटवरील गनर तेवढा पूर्वीसारखाच आहे.

कँटनचे दार

ओहायो राज्यातील कँटन येथे हॉल ऑफ फेम आहे. विशेष पथकांतील खेळाडूंना तेथे फार उशिरा प्रवेश मिळाला. केवळ लाथ मारणारा म्हणून पहिला मान १९९१ मध्ये जॅन स्टेनरुड याला लाभला. पंटर रे गाय हा १९८६ मध्ये खेळणे थांबवूनही २०१४ पर्यंत ताटकळला. चेंडू परत आणण्यात विक्रम करणारा डेव्हिन हेस्टर २०२४ मध्ये आत गेला. या साऱ्यांच्या कामाला काही ना काही आकडा होता. धावत जाऊन अडवणे हेच ज्याचे मुख्य काम, असा एकही खेळाडू २०२५ पर्यंत तेथे पोहोचलेला नव्हता. टास्करचे नाव अनेकदा पुढे आले आणि मागे पडले.

निवृत्तीनंतर पाच वर्षांनी खेळाडूचा विचार होतो. त्या हिशेबाने स्लेटरचे नाव २०२९ च्या तुकडीसाठी येईल. त्या वेळी निवड समितीसमोर कागदावर एक झेल असेल, ४६ यार्ड असतील आणि दहा प्रो बाउल असतील. यांतील पहिले दोन आकडे पाहायचे की तिसरा, हे समितीने ठरवायचे आहे. त्या निर्णयाची वाट बफेलोतही पाहिली जाईल, कारण स्लेटरला दार उघडले, तर टास्करला ते बंद ठेवणे कठीण जाईल.