'व्यवहारमयूख' आणि पुराव्याची परिभाषा

नीळकंठभट्टांचा 'व्यवहारमयूख' सतराव्या शतकात काशीत रचला गेला. भट्ट घराणे मात्र मूळचे पैठणचे. इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी 'मिताक्षरे'सोबत या ग्रंथास प्रमाण मानले. १८२७ मध्ये बोरॅडेल यांचे इंग्रजी भाषांतर आले, १८८० मध्ये विश्वनाथ नारायण मंडलिकांचे. हे प्रामाण्य मुख्यतः दायविभागापुरते होते. त्याच ग्रंथातील लिखित, भुक्ती, साक्षी व दिव्य या प्रमाणांचे विवेचन न्यायालयाच्या दृष्टीने निरुपयोगी ठरले. कंपनी सरकारच्या नियमांनी ते क्षेत्र आधीच वेगळे काढले होते. स्टीफन यांनी सिद्ध केलेल्या १८७२ च्या कायद्याने ते पुरते बंदिस्त केले. १९२६ मध्ये पांडुरंग वामन काणे यांनी, स्वतः वकील असूनही, ही निवृत्त प्रकरणेही तितक्याच काटेकोरपणे संपादिली, ही गोष्ट लक्षणीय आहे.

याज्ञवल्क्य किमान तीन साक्षीदार मागतो. उभयपक्षांस मान्य असा धर्मज्ञ असल्यास एकही चालतो. स्टीफन यांच्या कायद्यात संख्येची अट नाही. स्मृतिकार साक्षीदाराची पात्रता आधी तपासतो, नवा कायदा वस्तुस्थितीची संबद्धता. साक्षीदाराची विश्वासार्हता तेथे उलटतपासणीत पारखली जाते. म्हणजे भेद तत्त्वाचा जितका, तितकाच क्रमाचाही आहे.

मराठेशाहीतील महजर या दोहोंत बसत नाही. गोतसभेत जमलेले वतनदार व शेजारी हेच माहीतगार, हेच निवाडा करणारे आणि महजरावर निशाणी करणारेही तेच. करीणा, तकरीर, राजीनामा हे फारसी-अरबी वळणाचे शब्द आणि तापल्या तेलातून धातूचा तुकडा काढण्याचे 'रवादिव्य' एकाच प्रकरणात नांदत. शास्त्रग्रंथ आणि दप्तर यांतील हे अंतर केवळ व्यवहाराच्या ढिलाईचे नव्हे. ती साक्षीची वेगळी कल्पना होय.

पुढे मराठीत 'भारतीय पुरावा अधिनियम' हे नाव रूढ झाले. २०२३ चा कायदा 'भारतीय साक्ष्य अधिनियम' या नावाने १ जुलै २०२४ पासून अमलात आला. हिंदीत 'साक्ष्य' कागदासही लागू पडते. मराठीत साक्ष देतो तो माणूस. दस्तऐवज असतो पुरावा, आणि 'कागदाची साक्ष' हा आजही अलंकारच आहे.