मलकपेठेतील मुसाराम

मनुष्यजातीची सारी स्मृती एका ठिकाणी साठवावी आणि हवी तेव्हा जशीच्या तशी पुन्हा ऐकावी, असे यंत्र कल्पनेने रचणारे लेखक पुष्कळ होऊन गेले. एच. जी. वेल्स यांनी १९३८ साली ‘वर्ल्ड ब्रेन’ या नावाने प्रसिद्ध केलेल्या निबंधांत जगाचे सारे ज्ञान सूक्ष्म फिल्मवर उतरवून तो ठेवा सर्वांस खुला करावा, अशी कल्पना मांडली होती. अशा यंत्राकडून आपली अपेक्षा एकच असते : त्याने पदरचे काही घालू नये आणि काही गाळूही नये. समाजापाशी स्मृती जतन करण्याची जी जुनी साधने आहेत, म्हणजे स्थळांची नावे, समाध्या आणि वार्षिक उत्सव, ती ही अपेक्षा पुरी करतात काय? हैदराबादेतील मलकपेठेत या प्रश्नाचा एक चांगला दाखला मिळतो.

मुसी नदीच्या दक्षिणेस वसलेल्या या पेठेचे नाव अब्दुल्ला कुतुबशहाच्या पदरच्या मलिक याकूब नावाच्या सेवकावरून पडले, असे मानतात. कुतुबशाही १६८७ साली लयास गेली. सेवकाचे नाव मात्र आजही लोकांच्या तोंडी आहे. याच पेठेच्या शेजारी मुसारामबाग नावाची वस्ती आहे, आणि जवळच्या अस्मानगढच्या टेकडीवर काळ्या दगडाचा एक निमुळता स्तंभ उभा आहे. त्यावर ‘जे. आर.’ ही दोन रोमन आद्याक्षरे तेवढी कोरलेली आहेत. या स्तंभाखाली विसावलेला मुसाराम कोण?

तो मिशेल ज्योकिम मारी रेमों नावाचा फ्रेंच. १७५५ साली गॅस्कनी प्रांतात जन्मलेला हा तरुण व्यापाराच्या निमित्ताने १७७५ मध्ये पाँडिचेरीस आला, पुढे शिपाईगिरीत शिरला आणि १७८६ च्या सुमारास निजाम अली खानाच्या चाकरीत दाखल झाला. मूठभर माणसांपासून आरंभ करून त्याने सुमारे चौदा हजारांची कवायती फौज उभी केली. शहरातील तोफा ओतण्याचा कारखानाही त्याच्याच नावाशी जोडला जातो. २५ मार्च १७९८ रोजी तो निवर्तला.

मराठी वाचकाला हा गृहस्थ परका नाही. ११ मार्च १७९५ रोजी खर्ड्याच्या रणांगणावर पेशव्यांच्या सैन्यासमोर रेमोंचीच पलटणे उभी होती. परशुरामभाऊ पटवर्धन मराठ्यांचे सेनापती. शिंदे, होळकर, भोसले एकत्र आलेले. रेमोंची पायदळे नेटाने लढत होती. परंतु निजामाने माघारीचा हुकूम दिला, खर्ड्याच्या किल्ल्याचा आश्रय घेतला आणि अखेर तह पत्करला. मिरजेचे वासुदेवशास्त्री खरे यांनी ‘ऐतिहासिक लेखसंग्रहा’त पटवर्धनांचे दप्तर छापले, त्यामुळे त्या काळचा व्यवहार आपणांस अस्सल पत्रांतून वाचता येतो. त्या कागदांच्या बाजूने पाहिले तर रेमों हा शत्रूचा सरदार, आणि खर्डा हा सर्व मराठ्यांचा एकत्रित असा शेवटचा मोठा विजय.

मलकपेठेने मात्र याच माणसाची निराळी आठवण ठेवली. ‘मस्यू’ या फ्रेंच आदरवाचक शब्दाचे दक्षिणेत ‘मुसा’ झाले. बुसीलाही आपले जुने लेखक मुसाबुसीच म्हणत. मुसा रेमोंचा मुसलमानांनी मुसा रहीम केला आणि हिंदूंनी मुसा राम. दयाळू व उदार म्हणून त्याचा लौकिक होता. त्याच्या पुण्यतिथीस समाधीवर ऊद जळे, उरूस भरे, आणि ही चाल गेल्या शतकाच्या पूर्वार्धापर्यंत टिकून होती.

आता दोन्ही स्मृती शेजारी ठेवून पाहा. मलकपेठेच्या स्मृतीत खर्डा नाही, ओतलेल्या तोफा नाहीत, आणि निजामपुत्र अलीजाहचे बंड रेमोंनेच मोडले हेही नाही. उरली ती केवळ दया. आपल्या स्मृतीत विजयाचा गजर आहे. परंतु त्यानंतर अवघ्या सात महिन्यांत सवाई माधवरावांचा अंत झाला आणि १८०२ च्या अखेरीस वसईचा तह करून पेशवाई इंग्रजांच्या आश्रयास गेली, हे त्या गजरात ऐकू येत नाही. तिकडे रेमोंच्या मृत्यूनंतर सात महिन्यांच्या आत, २२ ऑक्टोबर १७९८ रोजी, इंग्रजांनी त्याच्या फौजेची शस्त्रे खाली ठेवविली. खर्ड्यावर जिंकणारा आणि हरणारा, दोघेही लवकरच एकाच धन्याच्या दारी उभे राहिले. ही गोष्ट ना समाधी सांगते, ना विजयाची कथा. ती दोन्हीकडचे कागद एकत्र वाचल्यावाचून कळत नाही.

मॉरिस हाल्बवाक्स या फ्रेंच समाजशास्त्रज्ञाने १९२५ साली दाखविले की, समूह आपला भूतकाळ वर्तमानाच्या गरजेप्रमाणे पुन्हा घडवीत असतो. म्हणून लोकस्मृतीला खोटी ठरवून टाकून देणे हा उतावळेपणा होईल. रेमोंचे चरित्र तिने बिघडविले हे खरे. परंतु परक्या देशाच्या, परक्या धर्माच्या माणसाला दोन्ही समाजांनी आपापल्या देवाचे नाव दिले, ही अस्सल घटना तिनेच जपली. ज्या संस्थानाने १९४८ च्या आगेमागे परस्परद्वेषाचे भीषण दिवस पाहिले, तेथे ही नोंद कोणत्याही तहनाम्याहून कमी मोलाची नाही.

तथापि हे साधनही झिजते. समाधीजवळचा मंडप २००१ साली कोसळला. तो पुन्हा बांधता आला. नावाचे तसे नाही. मेट्रो रेल्वे २०१८ साली या मार्गावर धावू लागली आणि मुसारामबाग हे एका स्थानकाचे नाव झाले. लोकांच्या तोंडी नांदलेल्या दोन रूपांपैकी पाटीवर एकच मावले. ध्वनिक्षेपक तेवढेच उच्चारतो. राम राहिला, रहीम गळला. कोणी हेतुपुरस्सर गाळला असे नव्हे. पाटीला दोन नावे पेलत नाहीत, इतकेच. यंत्र साठविलेले तेवढेच परत देईल. गळलेला रहीम आणि विसरलेला रेमों त्या नावाला पुन्हा जोडून देणे, हे काम इतिहास वाचणाऱ्यांचे आणि घरोघर सांगणाऱ्यांचे आहे.