तिसऱ्या राष्ट्रकुल युवा क्रीडास्पर्धेतील (पुणे, 2008) भारतीय संघाची कामगिरी : एक ऐतिहासिक मूल्यमापन

प्रस्तावना :
महाराष्ट्राच्या आधुनिक इतिहासलेखनात राजकीय व सामाजिक चळवळींना जे स्थान मिळाले, ते क्रीडेस मिळाले नाही. वास्तविक पाहता, राजर्षी शाहू महाराजांनी कुस्तीस दिलेला राजाश्रय आणि कराडनजीकच्या गोळेश्वर गावचे खाशाबा जाधव यांनी 1952 साली हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये मिळविलेले कांस्यपदक या घटना दक्षिण महाराष्ट्राच्या सामाजिक इतिहासाचा अविभाज्य भाग आहेत. याच परंपरेच्या संदर्भात 2008 च्या पुणे येथील स्पर्धेचा विचार करणे, हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

पार्श्वभूमी :
राष्ट्रकुल युवा क्रीडास्पर्धेचा प्रारंभ 2000 साली एडिंबरो येथे झाला. दुसरी स्पर्धा 2004 साली ऑस्ट्रेलियातील बेंडिगो येथे, तर तिसरी 12 ते 18 ऑक्टोबर 2008 या काळात पुण्यात भरली. 2010 च्या दिल्ली राष्ट्रकुल स्पर्धेची पूर्वतयारी म्हणूनही या आयोजनाकडे पाहिले गेले. 1994 च्या राष्ट्रीय क्रीडास्पर्धेसाठी उभारलेले बालेवाडीचे श्री शिवछत्रपती क्रीडासंकुल हे तिचे मुख्य केंद्र होते. 71 राष्ट्रे व प्रदेशांतील युवा खेळाडू नऊ क्रीडाप्रकारांत उतरले होते.

भारतीय संघाची कामगिरी :
भारताने 33 सुवर्ण, 26 रौप्य व 17 कांस्य अशी एकूण 76 पदके मिळवून प्रथम क्रमांक पटकावला. 24 सुवर्णपदके मिळविणारा ऑस्ट्रेलिया दुसऱ्या स्थानी राहिला. बॅडमिंटनमध्ये सायना नेहवाल, टेनिसमध्ये युकी भांब्री, नेमबाजीत कोल्हापूरची राही सरनोबत आणि कुस्तीत बीड जिल्ह्यातील राहुल आवारे हे सुवर्णविजेत्यांत होते. कोल्हापूरच्याच वीरधवल खाडे याने जलतरणात पदके मिळविली.

मूल्यमापन :
पदकतालिका हे इतिहासाचे साधन होय. परंतु कोणतेही साधन चिकित्सेविना ग्राह्य मानता येत नाही. यजमान राष्ट्रास मोठे पथक उतरविण्याची संधी व परिचित वातावरणाचा लाभ मिळतो, हे येथे ध्यानात घ्यावे लागते. शिवाय सायना व वीरधवल हे दोघेही त्याच वर्षी ऑगस्टमध्ये बीजिंग ऑलिंपिकमध्ये खेळून आले होते. म्हणजेच या यशाचा काही भाग उदयोन्मुख नव्हे, तर आधीच घडलेल्या खेळाडूंचा होता. यानंतर 2011, 2015, 2017 व 2023 मध्ये झालेल्या युवा स्पर्धांत भारतास अग्रस्थान राखता आले नाही, ही बाबही पुरेशी बोलकी आहे.

तथापि, एवढ्यावरून हे यश तात्कालिक ठरविणे अन्यायाचे होईल. दिल्लीत 2010 साली भारताने 38 सुवर्णांसह 101 पदके मिळविली. सायनाने 2012 च्या लंडन ऑलिंपिकमध्ये कांस्यपदक जिंकले. राही 2018 च्या आशियाई स्पर्धेत नेमबाजीचे सुवर्ण मिळविणारी पहिली भारतीय महिला ठरली. राहुल आवारेने त्याच वर्षी गोल्ड कोस्ट येथे राष्ट्रकुल सुवर्ण पटकाविले. वीरधवलने 2010 च्या आशियाई स्पर्धेत कांस्यपदक मिळवून जलतरणातील भारताचा 24 वर्षांचा पदकदुष्काळ संपविला. तात्पर्य, सांघिक अग्रस्थान टिकले नाही. व्यक्तिगत गुणवत्ता मात्र टिकली.

या फरकाचे कारण व्यवस्थेत शोधावे लागते. गुणी खेळाडू कुटुंब, तालीम व मार्गदर्शक यांच्या बळावर घडू शकतो. संघाचे सातत्य मात्र तालुक्यापर्यंत पोहोचलेल्या सुविधांवर अवलंबून असते. पुणे-मिरज लोहमार्गावरील कोरेगावसारख्या तालुक्यातील विद्यार्थ्याच्या दृष्टीने बालेवाडी अंतराने फार दूर नाही. परंतु जलतरण तलाव, नेमबाजी केंद्र वा कुस्तीची मॅट यांच्या नित्य सरावाविना ते अंतर कापले जात नाही. लाल मातीतील कौशल्यास मॅटची जोड वेळीच मिळणे, हा येथील कळीचा प्रश्न आहे.

निष्कर्ष :
2008 चे यश हे भारतीय युवा क्रीडेच्या क्षमतेचे प्रमाण होते, व्यवस्थेच्या परिपक्वतेचे नव्हे. स्पर्धेचे आयोजन सात दिवसांत संपते; तिचा वारसा ग्रामीण शाळा-महाविद्यालयांच्या मैदानांवरच सिद्ध व्हावा लागतो. त्या मैदानांच्या नोंदी जतन करणे हे क्रीडाशिक्षकांइतकेच इतिहासाच्या अध्यापकांचेही कर्तव्य आहे.