खबऱ्याची साक्ष

मी भंडाऱ्यात उर्दू आणि मराठी शिकवतो. 'खबर' या अरबी शब्दाचा गोतावळा फळ्यावर मांडला की मुलांना मजा वाटते. उर्दूतला मुखबिर, मराठीतला खबऱ्या, दोन्हीकडचा अखबार, सगळे एकाच घरचे. यातला मुखबिर आपल्या इतिहासात फार मोठे काम करून गेला आहे.

१८६१ साली मध्य प्रांत झाला तेव्हा भंडारा, सागर आणि जबलपूर एका कारभाराखाली आले. १९५६ पर्यंत आपण त्याच बाजूला होतो. इंग्रजांच्या अंतर्गत हेरगिरीची घडी त्याआधीच या जबलपूर-सागर पट्ट्यात बसली होती, आणि ती बसवणारा माणूस फौजेतला होता. विल्यम स्लीमन बंगाल आर्मीचा अधिकारी, नेपाळच्या युद्धात लढलेला. पुढे तो नर्मदेकाठी मुलकी कामावर आला आणि १८३५ मध्ये ठगीच्या बंदोबस्ताचा प्रमुख झाला.

त्याची पद्धत साधी होती. पकडलेल्या ठगाला फाशी टाळण्याची आशा दाखवायची, माफीचा साक्षीदार करायचे, त्याच्याकडून साथीदारांची नावे, गावे, नातीगोती लिहून घ्यायची. एकाच्या जबानीवर दुसरा पकडायचा, दुसऱ्याच्या जबानीवर तिसरा. ठगांची गुप्त बोलीही त्याने गोळा केली आणि १८३६ मध्ये 'रामसीयाना' या नावाने छापली. त्या बोलीत वाटसरूला 'बनिज' म्हणत, म्हणजे व्यापाराचा माल!

वाटेवर खून होत होते, याबद्दल शंका नाही. टोळ्यांत हिंदूही होते, मुसलमानही. फिरंगिया हा गाजलेला ठग ब्राह्मण होता. पण सरकारला घाई होती. १८३६ च्या कायद्याने ठगांच्या टोळीत असल्याचे सिद्ध झाले की जन्मठेप, सक्तमजुरीसह. अमुक खून याच माणसाने केला, हे दाखवण्याची गरज उरली नाही. १८३१ ते १८३७ या काळात ३,२६६ जण पकडले गेले. ४१२ फाशी गेले, ४८३ साक्षीदार झाले, बाकीचे काळ्या पाण्यावर किंवा जन्मभर तुरुंगात.

ठगी संपली, खाते संपले नाही. १८३९ मध्ये त्याला दरोडेखोरीचे काम जोडले गेले. १९०४ मध्ये कर्झनच्या काळात त्याच्या जागी गुन्हे गुप्तवार्ता विभाग आला, आणि आजचा इंटेलिजन्स ब्युरो त्याच वंशातला. टोळीवरून माणूस ओळखायची सवयही टिकली. १८७१ च्या कायद्याने अख्ख्या जमाती जन्मतः गुन्हेगार ठरल्या. तो कलंक कायद्याच्या पुस्तकातून पुसायला १९५२ उजाडले. आजच्या यूएपीएच्या कलम २० मध्येही दहशतवादी टोळीच्या सदस्यत्वाला जन्मठेपेपर्यंत शिक्षा आहे.

कायद्याला या पद्धतीतला धोका कळला नव्हता असे नाही. १८७२ च्या पुरावा कायद्यातच म्हटले होते की गुन्ह्यातल्या साथीदाराचा शब्द दुजोऱ्याशिवाय विश्वासार्ह नाही, असे न्यायालय धरून चालू शकते.

देशाला हेरखाते लागते. खबऱ्याशिवाय ते चालतही नाही. पण अटकेची बातमी वाचून शेजारच्या मोहल्ल्याबद्दल मत बनवण्याआधी तीन गोष्टी विचारा, असे मी मुलांना सांगतो. या माणसाने नेमके काय केले म्हणतात? ते कोण सांगतो आहे? आणि सांगणाऱ्याला त्याच्या बदल्यात काय मिळणार आहे?