कॅमेऱ्याविना चित्रपट

चित्रपट म्हटला की कॅमेरा आलाच, असे आपण धरून चालतो. कॅमेरा घडलेला क्षण टिपतो, पडदा तो परत दाखवतो. पण विसाव्या शतकात काही कलावंतांनी कॅमेरा बाजूला ठेवून थेट फिल्मवरच काम केले. काहीच टिपलेले नसताना पडद्यावर जो वेळ जातो, तो मग कुणाचा?

१९२३ मध्ये पॅरिसात मॅन रे यांनी आपल्या लघुपटाचे काही तुकडे कोऱ्या फिल्मवर मीठ, मिरपूड, टाचण्या पसरून आणि वरून प्रकाश देऊन तयार केले. न्यूझीलंडचे लेन लाय यांनी १९३५ मध्ये ब्रिटिश टपाल खात्यासाठी ‘अ कलर बॉक्स’ थेट फिल्मवर रंगवला. जाहिरात पार्सलची, पण रंगीत रेघा नाचत होत्या क्यूबन संगीतावर!

मी गझल लिहितो. मात्रा मोजायची बोटांना सवय. त्यामुळे या मंडळींचा हिशेब मला जवळचा वाटतो. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी असतात आणि सेकंदाला २४ सरकतात. म्हणजे एक सेकंद दीड फुटाचा! वेळ इथे टेबलावर पसरलेला असतो. कॅनडात नॉर्मन मॅकलॅरेन यांनी १९५५ मध्ये ‘ब्लिंकिटी ब्लँक’ काळ्या फिल्मवर कोरला आणि अनेक चौकटी मुद्दाम रिकाम्या ठेवल्या. आकृती चमकते, मग काळोख. मधली जागा आपली नजर भरून काढते. मुशायऱ्यात शेराची पहिली ओळ म्हणून जाणता शायर असाच थांबतो.

मला सर्वांत हलवून गेला तो अमेरिकेच्या स्टॅन ब्रॅकेज यांचा ‘मॉथलाइट’ (१९६३). हाताशी पैसा नव्हता. दिव्यापाशी मेलेल्या पतंगांचे पंख, पाकळ्या, गवत त्यांनी पारदर्शक चिकटपट्ट्यांमध्ये दाबले आणि त्यावरून फिल्मची प्रत काढली. १६ मिलिमीटर फिल्मची चौकट जेमतेम साडेसात मिलिमीटर उंच. मोठा पंख एका चौकटीत मावत नाही, दोन-तीन चौकटींत तुटतो; म्हणूनच पडद्यावर तो फडफडतो. ही फडफड आधी कधी घडलेलीच नव्हती. उर्दू शायरीत परवाना शमेवर जळतो आणि तिथे त्याची गोष्ट संपते. ब्रॅकेज यांनी जळालेल्या परवान्याला आणखी तीन-चार मिनिटे दिली, तीही आवाजाविना.

ब्रॅकेज २००३ मध्ये गेले. चित्रपटगृहांतून फिल्मची रिळेही जवळजवळ गेली. अशी पट्टी उजेडापुढे धरली, तर पंख ओळीने एकदमच दिसतात. त्यांत आधी-नंतर काही नसते. पट्टी चालू लागते, आपण पाहू लागतो, तेव्हाच वेळ सुरू होतो.