खेळयंत्रे आणि त्यांचे कारागीर

इतिहास म्हटला की आपल्याला सिंदखेडराजाचा वाडा आठवतो, लोणारची देवळे आठवतात. मुलांच्या हातातल्या खेळयंत्राला कसला आला इतिहास, असे कोणी म्हणेल. परंतु तेही कोणीतरी राबून केलेले काम आहे.

१९९० नंतर आपल्याकडे टीव्हीला जोडायचे जे खेळ आले, ते बहुतेक निन्टेंडो या जपानी कंपनीच्या १९८३ सालच्या यंत्राच्या नकला होत्या. कॅसेटीतून मूळ कंपनीचे नावही पुष्कळदा पुसलेले असे. ती यंत्रे भंगारात गेली. पण ते खेळ आज तळहाताएवढ्या यंत्रावर चालतात. ही करामत इम्युलेटर नावाच्या प्रोग्रामची. बहुरूपी फौजदाराचे सोंग घेतो, तसा हा जुन्या यंत्राचे सोंग घेतो. मूळ खेळातली एकेक आज्ञा वाचायची आणि जुनी चिप जे करी तेच करून दाखवायचे. खेळ नव्याने लिहिलेला नसतो. मूळ कारागिराने लिहिले ते जसेच्या तसे राहते. (खेळांच्या प्रती फुकट वाटणे ही गोष्ट निराळी, तिचे समर्थन मी करणार नाही.)

या जसेच्या तसे राहण्याचे मोल अमेरिकेतील अटारी कंपनीच्या हकिगतीवरून कळते. तिथे एकेक खेळ बहुधा एकटा कारागीर लिही. खोक्यावर नाव मात्र कंपनीचे. १९७९ साली डेव्हिड क्रेन आणि त्यांचे तीन सहकारी प्रमुखांकडे श्रेय आणि वाटा मागायला गेले. क्रेन सांगतात, जुळणीच्या पट्ट्यावरच्या कामगारापेक्षा तुमची योग्यता अधिक नाही, असे उत्तर मिळाले. एका वाक्यात दोघांचा अपमान! असली भाषा मी जिनिंगच्या फाटकावरही ऐकली आहे. चौघे बाहेर पडले आणि त्यांनी ॲक्टिव्हिजन ही कंपनी काढली.

वॉरन रॉबिनेट यांनी निराळी वाट धरली. वर्षाला सुमारे २२,००० डॉलर पगारावर त्यांनी ‘ॲडव्हेंचर’ हा खेळ लिहिला. दहा लाखांवर प्रती खपल्या, पण पगारापलीकडे काही मिळाले नाही. अवघ्या ४ किलोबाइटांत त्यांनी कोणाला न सांगता एक गुप्त खोली बसवली. पार्श्वभूमीच्याच रंगाचा एक ठिपका हुडकून नेला तरच तिची वाट उघडते, आणि आत त्यांचे नाव झळकते. १९८० साली एका मुलाने पत्र लिहिले तेव्हा कंपनीला हे कळले. रॉबिनेट तोवर नोकरी सोडून गेले होते.

आज तो खेळ इम्युलेटरवर लावला, तरी ती खोली उघडते. कॅसेटी जुळणाऱ्या कामगारांची नावे मात्र त्या ४ किलोबाइटांत नाहीत. ती शोधायची तर कारखान्याचे हजेरीपटच धुंडाळावे लागतील.